टीपकागदात दाबलेलं सॅलड

मंगळवार, दुपारी

प्रिय ताई,

तुझ्या पायांवर डोकं ठेवतो असं लिहायला हवं, पण कंबर अशी धरली आहे की खरोखरच ठेवलं तर तिथून उचलायला माणूस लागेल, म्हणून लांबूनच नमस्कार घे. तुझा गुडघा कसा आहे? भाचीचा खोकला? जावईबापूंचं डोकं दुखणं? (सगळे बरे असाल तर सविस्तर कळवू नकोस. सध्या दुसऱ्याचं बरं चाललेलं वाचलं की आपलंच काहीतरी चुकतंय असं मला वाटू लागतं.) इकडे आम्ही दोघं ठीक आहोत. ठीक म्हणजे छप्पर गळतंय, पण ते जिन्यात गळतंय, कागदावर नाही. मागच्या खोलीची खिडकी बंद होत नाही, पण धड उघडतही नाही. माझे दोन दात हलतात, ते दोन्ही एकाच बाजूचे आहेत. याहून चांगली बातमी जमवायचा मी सकाळपासून प्रयत्न करतोय. जमली नाही.

पाकिटावर या खेपेला कागदवाल्याचा पत्ता नाही, घरचा आहे, हे तुझ्या लक्षात आलंच असेल. सहा वर्षं तुझी पत्रं त्याच्या दुकानात यायची, तो ती कोऱ्या कागदाच्या रिमात खोचून माझ्याकडे द्यायचा, आणि दादाचा दुपारचा डोळा लागला की मी ती वाचून लगेच उत्तर लिहून मोकळा व्हायचो. आयुष्यात न चुकता केलेली अशी माझी ही एकच गोष्ट होती. तीही आता गेली. दादाला सगळं कळलं. कसं कळलं ते सांगायला हे पत्र आहे, आणि त्याचं खापर (राग मानू नकोस) तुझ्या सॅलडवर फुटणार आहे. आणखी एक आधीच सांगून ठेवतो. हे पत्र मी दादासमोर, त्याच्या खाटेपासून तीन हातांवर बसून लिहितोय. एकेक कागद लिहून झाला की तो भिंगाखाली धरून वाचणार आणि पटणार नाही ते पेन्सिलने खोडणार, असं ठरलंय. ठरलंय म्हणजे त्याने ठरवलंय. बांधणीला आलेल्या परक्यांच्या पुस्तकांतल्या चुकासुद्धा ज्याने कधी सोडल्या नाहीत, तो माझं पत्र सोडेल अशी आशा मी धरलेली नाही. तेव्हा कुठे खाडाखोड दिसली तर ती माझी समजू नकोस.

मागच्या पत्रात मी लिहिलं होतं की दादाने जेवण टाकलंय. डॉक्टरांचं म्हणणं असं, की पोटातली गाठ काढता येईल, पण ज्याची काढायची त्याच्या अंगात तेवढा जीव हवा. येत्या सोमवारी ते पुन्हा वजन करणार आहेत. आणखी उतरलं असेल तर सुरी लावणार नाहीत. नाही लावली तर पुढे काय, हे त्यांनी सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. दादाने मात्र एक प्रश्न विचारला. तुमच्या टेबलावरच्या त्या जाड पुस्तकाची पाठ निखळली आहे, ती तशीच ठेवणार आहात का, असं त्याने विचारलं. (डॉक्टर आता ते पुस्तक आमच्याकडे पाठवणार आहेत. म्हणजे या सगळ्यातून निदान एकजण तरी नक्की बरा होणार.) शिजवलेल्या अन्नाचा वास आला की दादा भिंतीकडे तोंड फिरवतो. सूप झालं, उकडलेला बटाटा झाला, दुधात भिजवलेला पाव झाला. मी केलेल्या अन्नाला चव नसते असं लोक म्हणतात. असते. तोच तर प्रश्न आहे.

तेव्हा तू कळवलंस की गरम काही देऊच नकोस, त्याला आपलं एक वाजताचं सॅलड करून घाल. ते वाचून मला माझीच लाज वाटली. बावीस वर्षं रोज दुपारी मी ते सॅलड खाल्लं आणि ते होतं कसं हे एकदाही वळून पाहिलं नाही. कामाच्या टेबलावर गळणारं, सांडणारं, वास मारणारं काही आणायचं नाही हा दादाचा नियम (हा नियम तो स्वतःच्या चहालाही लावायचा आणि चहा जिन्यात उभा राहून प्यायचा), आणि त्या नियमात बसेल असं जेवण तू शोधून काढलंस. हिरवी पानं, नासपतीच्या फोडी, अक्रोड, चीज, तिघांना तीन काटे, आणि ते आंबटगोड पाणी वेगळ्या बाटलीत, ज्याने त्याने आपल्या ताटलीत बेताने घ्यायचं. पुस्तकं शिकंज्यात दाबून ठेवलेली असायची आणि आपण तिघं त्यांच्याकडे पाठ करून खायचो. बोलणं फारसं व्हायचं नाही. शेवटी एक फोड उरायची. कुणाला नको असेल तर मी घेतो, असं म्हणून दादा ती घ्यायचा. कुणाला हवी आहे का हे विचारायला तो थांबायचा नाही. तू सुई ठेवून गेलीस त्या दिवसापासून आम्ही पाव आणि अंडी खातो. पुस्तकं न्यायला आलेल्या त्या वकिलाच्या देखत तुझ्या शिवणीला सैल म्हणायचं काही कारण नव्हतं, हे मला सहा वर्षांत दादाला तोंडाने सांगता आलं नाही. आता तो वाचणारच आहे, तर इथेच लिहून टाकतो.

पहिले दोन कागद दादाने वाचून परत दिले. चहा जिन्यात प्यायचा याच्या पुढे त्याने ‘कधी कधी’ असं घातलंय. छप्पर गळतंय हे खोडलंय, कारण त्याच्या मते ते छप्पर नाही, पन्हळ आहे. पुढे लिहितो.

तुझी कृती चार ओळींची होती. तुझ्यासारख्यांना चार ओळी पुरतात. मला पहिल्याच ओळीने बाजारात दोन तास फिरवलं. नासपती ‘पिकलेली पण घट्ट’ आण, म्हणालीस. पुठ्ठा दाबून तो आतून पोकळ आहे का हे मला बोटाला कळतं, तेव्हा फळ कळायला हरकत नव्हती. मी फळवालीच्या टोपलीतली एकूण एक नासपती दाबून पाहिली. ती म्हणाली, “काका, एवढी दाबलीत, आता तुम्हीच पिकवलीत. न्या सगळी.” आणली. घरात अजून अकरा आहेत आणि दर तासाला त्यांतली एखादी मऊ पडते.

चीजच्या बाबतीत तर तू मला तोंडघशी पाडलंस. ‘निळ्या रेघांचं’ एवढंच लिहिलं होतंस. निळ्या रेघा वेष्टनावर असतील असं मी समजलो. दुकानदाराने काचेच्या कपाटातून जो तुकडा काढला त्याच्या पार पोटातून बुरशी गेलेली होती. ताई, मी चाळीस वर्षं बुरशीशी झगडतोय. ओल लागलेल्या पुस्तकातली बुरशी मी कपाट उघडण्याआधी वासावरून ओळखतो. ती एका पानावर दिसली की ते पुस्तक बाकीच्यांपासून लांब न्यायचं, पान पान मऊ कुंच्याने झाडायचं, मग उन्हात उभं करायचं, हे आपण तिघंही झोपेत सांगू. आणि इथे हा गृहस्थ तीच बुरशी पांढऱ्या कागदात बांधून वर हसून देतोय. मी त्याला हलक्या आवाजात म्हटलं की तुमचा माल खराब झालाय, पण मी बाहेर बोलणार नाही. तो म्हणाला, हे असंच असतं. (हे उत्तर मी स्वतः गिऱ्हाइकांना इतक्या वेळा दिलंय की माझा त्यावर विश्वास उरलेला नाही.) घरी आल्यावर कातडं तासायची सुरी उकळत्या पाण्यातून काढली आणि एकेक निळी रेघ कोरून काढली. पाऊण तास लागला. उरलं त्याला आरपार भोकं पडली होती, तरी मनातली शंका जाईना, म्हणून रिवाजाप्रमाणे तासभर खिडकीत उन्हाला ठेवलं. पुस्तकं उन्हात वितळत नाहीत. हा फरक माझ्या ध्यानात आला तोवर निम्मं चीज खिडकीच्या चौकटीवरून ओघळून तळमजल्यावरच्या शिंपिणीने वाळत घातलेल्या पडद्यावर उतरलं होतं. तिने वर पाहिलं. मी आत पाहिलं.

अक्रोड पुस्तकाची पाठ गोल करायच्या हातोडीने फोडले. ती हातोडी कवच आणि गर यांत भेद करत नाही. मग हे सगळं सुईच्या टोकाने निवडत बसलो, भाजायला टाकले, आणि भाजताना चीज काय करतंय ते पाहायला खिडकीशी गेलो. पहिली खेप कोळशात जमा झाली. दुसऱ्या खेपेला मी जागचा हललो नाही, पण तेवढ्यात चिरून ठेवलेल्या नासपतीच्या फोडी जुन्या वर्तमानपत्राच्या रंगाच्या झाल्या. फोडींना लगेच लिंबू चोळायला तू सांगितलं होतंस. ते कागदाच्या मागच्या बाजूला होतं. मी चार ओळी वाचल्या आणि कृती संपली असं धरून चाललो, कारण माझ्या अनुभवात सोपं वाटणारं काम तिथेच संपतं आणि पुढे नुकसान सुरू होतं. पुन्हा चिरल्या.

आता पानं. ‘पानं अगदी कोरडी कर, एक थेंब राहिला तर सगळं फुकट.’ याच्याखाली तू दोन रेघा मारल्या होत्यास. मी ती धुतली, झटकली, माझ्या अंगावर पाणी उडालं, पानं ओलीच. फडक्याने एकेक पुसायला गेलो तर फाटायला लागली. तेव्हा मी क्षणभर खाली बसलो आणि विचार केला की आपण कोण आहोत. नळ फुटून भिजलेल्या एका जाड ग्रंथाची सगळी पानं मी एकही सुरकुती न पडू देता सुकवलेली आहेत, तुझ्या डोळ्यांदेखत. ओलं पान कोरडं कसं करायचं हे मला कुणी शिकवायला हवं का? खाली टीपकागद, त्यावर पान, वर टीपकागद, पुन्हा पान, असा थर लावायचा, वर-खाली लाकडी फळ्या घालायच्या आणि शिकंज्याचं चाक फिरवायचं. कोरे टीपकागद मात्र संपले होते. म्हणून मी माझ्या खणातले काढले, थोडे वापरलेले. चाक फिरवलं तसा शिकंजा कुरकुरला आणि दादाने खाटेवरून विचारलं, “कुठलं पुस्तक?” मी म्हणालो, स्वयंपाकाचं. यात खोटं काही नव्हतं. “जुनं असेल तर फार दाबू नकोस,” तो म्हणाला. मी फार दाबलं.

दोन तासांनी फळ्या काढल्या. एक थेंब राहिला नव्हता. तसं पाहिलं तर पानंही फारशी राहिली नव्हती. काळपट हिरवी, ट्रेसिंगच्या कागदासारखी आरपार दिसणारी, आणि इतकी सपाट की ताटलीत टाकली तर ताटलीवर चित्र काढल्यासारखी दिसायची. काहींवर निळसर डाग होते. मला वाटलं, झालं, चीजची बुरशी हाताला राहिली ती पानांनाही लागली. दादाला दिसू नये म्हणून डागाची बाजू खाली करून ती मांडली, वर फोडी, अक्रोड आणि भोकाचं चीज ठेवलं, आणि बरोबर एक वाजता ताटली आणि बाटली घेऊन त्याच्यापुढे गेलो. तो उठून बसला. ताटलीकडे बघताच हे कुणाचं आहे हे त्याला कळलं असावं, कारण त्याने आपल्या कामाच्या टेबलाकडे एकदा नजर टाकली. मग भिंग मागितलं. (तुझ्यावेळीही तो आधी कीड शोधायचा. एकदा एका ग्रंथात भोक पाडणारी अळी सापडली होती तेव्हापासून त्याचा कशावरच विश्वास नाही.) काट्याच्या टोकाने त्याने सगळ्यात मोठं पान उचललं, उलटं केलं, खिडकीच्या उजेडात धरलं आणि भिंगातून बघत राहिला. मग पुस्तकाच्या पाठीवर सोनेरी अक्षरांत घालायचं नाव तो ज्या आवाजात वाचून दाखवायचा, त्याच आवाजात त्याने वाचलं: “दादाला यातलं काही कळता कामा नये.”

तुला आता सांगायला नको, खणातले ते टीपकागद म्हणजे मी तुला लिहिलेली पत्रं ज्यावर टिपतो ते. मी कागद भरला की शेवटच्या ओल्या ओळींवर टीपकागद दाबतो, त्यामुळे त्यावर उमटलेलं सगळं माझ्या शेवटच्या ओळींचं होतं, आणि प्रत्येक पत्राच्या शेवटी मी ते एकच वाक्य लिहीत आलोय. शाई साध्या पाण्याने सुटणारी. टीपकागदावर उलटं उमटलेलं पुन्हा उलटं उमटलं की सुलटं होतं, हे या धंद्यात जन्म काढूनही मला सुचलं नाही. दादाने दुसरं पान उचललं. त्यावर ‘तुझा धाकटा’ होतं. तिसऱ्यावर ‘ताई, तुझी आठ’ एवढं होतं आणि पुढे पान फडक्याने फाटलेलं होतं. त्याने चीज आणि अक्रोड बाजूला सारून सगळी पानं ताटलीच्या कडेने एकापुढे एक लावली, शिवायला घेण्याआधी पुस्तकाचे घडी घातलेले फर्मे लावायचा तशी. मी बाटली धरून उभा होतो. मला वाटलं, आता हा भिंतीकडे तोंड फिरवणार आणि पुन्हा वळणार नाही, आणि सोमवार यायच्या आत मी स्वतःच्या हाताने याला संपवला. एवढं वाईट मला आपले वडील गेले तेव्हाही वाटलं नव्हतं. त्याने विचारलं, किती वर्षं. मी म्हणालो, सहा. कुणाकडून. मी कागदवाल्याचं नाव सांगून टाकलं (फितूर व्हायला मला अर्धा क्षण लागतो). दादा म्हणाला, तरीच त्याच्या रिमाचा एक कोपरा नेहमी दुमडलेला यायचा.

मग त्याने काटा हातात घेतला, आणि सॅलड संपलं. पानं, फोडी, अक्रोड, भोकाचं चीज, सगळं संपलं. रिकामी ताटली मी स्वतः उचलून आत नेली. तेव्हा काळजी करण्यासारखं काही नाही. दादाच्या अंगात आता हळूहळू जीव येईल, सोमवारी वजन व्हायचं तेवढं होईल, आणि डॉक्टर आपल्या पुस्तकाच्या पाठीसकट खूश होतील. तू तो गुडघा घेऊन एवढा लांबचा प्रवास करायची मुळीच गरज नाही. (शेवटचं वाक्य दादाने सांगितलं तसं शब्दाला शब्द लिहिलंय.)

घरातल्या सगळ्यांना माझा आणि दादाचा (त्याने हो म्हटलंय) नमस्कार सांग. लहानांना काय सांगायचं ते तूच ठरव, मला लहानांना सांगण्यासारखं सध्या काही सुचत नाही.

तुझा,
सहा वर्षांनी उघडा पडलेला,
धाकटा

ता. क. दादा सांगतो, तुझ्या पुस्तकं शिवायच्या चौकटीवर झाकलेलं कापड आहे तसंच आहे, हे तिला कळव. का कळवायचं ते सांगितलं नाही.

दुसरा ता. क., पोस्टातून.

ताई, हे मी पोस्टाच्या खिडकीशी, दोरीने बांधलेल्या पेनाने, वेगळ्या कागदावर लिहितोय. वरचं सगळं दादाने वाचून मंजूर केलेलं आहे. हे नाही. खिडकीतल्या बाईंनी मला पाहून, बरं वाटत नाही का, असं विचारलं, कारण माझी जीभ निळी आहे. आज तिसरा दिवस. दादाची नाही, माझी.

त्याने नासपतीच्या चार फोडी खाल्ल्या आणि अर्धा अक्रोड. मग काटा ठेवला आणि म्हणाला, “उरलेलं तू संपव आणि मी जेवलो म्हणून तिला लिही. उगाच घोर लावून घेईल.” मी खिडकीकडे तोंड करून ती पानं खाल्ली, स्वतःचंच सहा वर्षांचं हस्ताक्षर. एक पान त्याने दिलं नाही. मी मागितलं नाही. ताटलीत एक फोड राहिली होती. मी ती तशीच ठेवून बराच वेळ थांबलो. कुणाला नको असेल तर मी घेतो, असं तो म्हणाला नाही. काल आणि आज नुसतं पाणी आणि लिंबू.

त्याने तुझा कुठला गुडघा दुखतो ते विचारलं. डावा म्हणालो. तर म्हणाला, तिची खुर्ची उंच होती, पाय दोन बोटं कापून द्यायचे राहून गेले. चौकटीवर कापड आहे तसंच आहे हेही खरंच आहे, फक्त आज सकाळी त्याने मला ते काढायला लावलं, चौकट पुसून घेतली, खिट्ट्यांना तेल लावून घेतलं आणि मग पुन्हा घालायला लावलं. आणि सैल टाक्याचं जे मी वर लिहिलंय, ते वाचताना त्याने पेन्सिल उचलली होती. बराच वेळ धरली आणि खाली ठेवली.

मला हे सॅलड येणार नाही. कृती मागची बाजू वाचून केली तरी येणार नाही. त्याला तुझ्या हातचं हवंय आणि तो ते मरेपर्यंत म्हणणार नाही, आणि मला त्या शब्दाचीच भीती वाटते. तू ये. मी बोलावलं म्हणू नकोस. मी सॅलडचं वाटोळं केलं असं कळलं म्हणून आले, असं सांग. त्यावर त्याचा ताबडतोब विश्वास बसेल.

तिसरा ता. क.

हा वरचा कागद आत सरकवायला मी पाकीट उघडलं. ते दादाने स्वतः चिकटवलं होतं, आपल्याच खळीने (बाजारचा डिंक त्याला अजूनही चालत नाही), आणि खळ वाळायला वेळ लागतो हे तुला माहीत आहे. न फाटता उघडलं. माझ्या पत्राच्या घडीत आणखी काहीतरी आहे. टीपकागदाचा एक तुकडा चार पदरी घडी घातलेला, त्यात ते पान आहे, ‘ताई, तुझी आठ’ लिहिलेलं, पुन्हा नीट दाबून सुकवलेलं. शिकंज्यापर्यंत तो कधी चालत गेला मला कळलं नाही. टीपकागदावर त्याने पेन्सिलने लिहिलंय. अक्षरं बोटभर मोठी झाली आहेत, पण वाचता येतात. तीनच शब्द आहेत. टाका सैल नव्हता.

मी ते होतं तसंच परत ठेवतोय. तू पहिल्यांदा पाहिलंस असं समज. सोमवारच्या आत ये. आणि मी पाकीट उघडलं होतं, हे दादाला कळता कामा नये.